केशवभटांचा शशांकपाक

मी आयुष्यात एकच नाटक लिहिलं, आणि तेही शेवटच्या अंकात मध्येच बंद पडलं. त्याचं आता वाईट वाटत नाही. वय झालं की वाईट वाटून घ्यायचाही कंटाळा येतो. त्या नाटकातलं एक वाक्य मला आज आठवत नाही, आणि ज्यांनी ते पाहिलं त्यांनाही आठवत नसणार. लक्षात राहिलं ते त्यातलं पक्वान्न. ते जगात कुठंच नव्हतं. मी एका ओळीत काहीतरी भारदस्त नाव ठोकून दिलं होतं, आणि केशवभटांनी ते खरं मानलं.

पन्नास सालानंतरचं पिंपरी. औषधांचा कारखाना नुकता उभा राहिला होता आणि कुंपणाबाहेर चहूकडे जोंधळा. भोंगा झाला की शेतातली माणसंही कंबर सरळ करून आभाळाकडे बघत. मी नगर जिल्ह्यातून आलेला, चिंचवडला एका खोलीत तिघांबरोबर राहणारा, लेबलांच्या खात्यातला कारकून. बाटलीवरचं लेबल सरळ बसलंय की तिरकं, एवढं दिवसभर बघायचं. संध्याकाळी डोळे मिटले तरी लेबलंच दिसायची. असल्या कंटाळ्यात माणूस एकतर दारू पितो नाहीतर नाटक लिहितो. मला दारूचा वास सोसत नव्हता.

केशवभट आमच्या कँटीनचे आचारी. साठीला टेकलेले, उंच, आणि चाळीस वर्षं पातेल्यांवर वाकून पाठ तशीच राहिलेली. कारखान्यात यायच्या आधी तळेगावपासून खेडपर्यंत लग्नामुंजींचे स्वयंपाक त्यांनीच केले होते. लग्नाचं काम बरं की इथलं, असं मी एकदा विचारलं. तर म्हणाले, लग्नात कितीही राबलं तरी शेवटची पंगत एकदाची उठते, इथं ती उठतच नाही. कुणी "कसं काय भटजी?" म्हटलं की त्यांचं उत्तर ठरलेलं असे, "उभा आहे." आणि ते खरंच उभे असत. जेवायचेसुद्धा सगळ्यांचं झाल्यावर, भिंतीला टेकून, उभ्यानं. बसा की जरा, म्हटलं तर म्हणत, बसलो तर उठवणार कोण.

कँटीनच्या मागं पत्र्याची एक खोली ठेकेदारानं त्यांना दिली होती. हातात झारा आहे तोवर खोली, असा करार. बायको जाऊन पुष्कळ वर्षं झालेली, मूलबाळ नाही. चाकणला पुतण्या होता, कांद्याच्या बाजारात आडत्याकडे कामाला. पुतण्या चांगला होता, पण पाहुणा दोन दिवसांचा, हे केशवभट पक्कं जाणून होते. दिवाळीला जात आणि दुसऱ्या दिवशी परत येत.

चुलांच्या भोवती ते रोज सकाळी गेरूची एक रेघ ओढत. रेघेच्या आत ते एकटे. पोळ्यांचं खातं रेघेबाहेर. तिथं चार बाया असत आणि त्यांची म्होरकी सांगवीची ठकूबाई. ती रोज पहाटे सांगवीहून पायी यायची. नवरा हमाली करता करता पाठ मोडून घरात पडलेला, म्हणजे घरात कमावणारी ती एकटीच. बोलणं कमी. केशवभट तिला "ठकू, पोळ्या" एवढंच म्हणत आणि ती "व्हय जी" एवढंच. इतक्या दिवसांत त्या दोघांत ह्यापलीकडे संभाषण झाल्याचं कुणी ऐकलं नव्हतं.

त्यांचा मोठेपणा नाकात होता. ते स्वयंपाक करताना कधी चाखत नसत. अकरा वाजता कोनाड्यातल्या गणपतीच्या तसबिरीपुढं छोटं ताट ठेवायचं, पाणी फिरवायचं, मग पहिली पंगत. त्याआधी पदार्थ जिभेला लावणं म्हणजे देवाला उष्टं. मग मीठ कमी की जास्त हे कळायचं कसं? तर वासावरून. झाकण उचलून ते नुसते उभे राहात आणि म्हणत, "ह्याला अजून मूठभर." आमच्या खात्यातल्या काही टवाळांनी एकदा पैज लावून चार पातेल्यांपैकी एकात गुपचूप दोन मुठी मीठ जास्त टाकलं. केशवभट चारही पातेल्यांवरून एक फेरी मारून आले, तिसऱ्यापाशी थांबले, आणि टवाळांकडे न बघता म्हणाले, "ह्यात चार बटाटे सोलून टाका. आणि ते तुम्हीच सोला." टवाळांनी सोलले. मीही त्यांत होतो.

नाकाच्या बाबतीतही त्यांना छेडणारे होतेच. देवाआधी वास घेतला तरी उष्टंच की, असं एका हुशार माणसानं काढलं. केशवभट शांतपणे म्हणाले, "मी वास घेत नाही. तो येतो. आलेल्याला काय हाकलू?"

त्या वर्षी मार्गशीर्षात ते तापानं पडले. बारा दिवस पत्र्याच्या खोलीत होते. ठेकेदारानं कुठून तरी एक बदली आचारी आणला. त्याच्या हातचं खाल्ल्यावर केशवभटांची किंमत सगळ्यांना कळली. ते परत उभे राहिले तेव्हा पंगतीत लोकांनी ताटं वाजवली. ते हसले नाहीत. तापानं खचलेत, असं आम्ही म्हटलं. त्यानंतर मात्र ते एक नवीन करू लागले. पालथ्या घातलेल्या बादलीवर मधूनच बसायचे, गुडघ्यांवर हात ठेवून, चुलीकडे बघत. त्यांना बसलेलं बघायची सवय नसल्यानं आम्हाला ते चमत्कारिक वाटायचं.

माघात कामगारांच्या मंडळानं चैत्रात नाटक करायचं ठरवलं आणि मी लिहितो ही बातमी बाहेर फुटली. सामाजिक लिहावं तर वरिष्ठ रागावतील, ऐतिहासिक लिहावं तर तलवारी भाड्यानं आणाव्या लागतील. म्हणून मी एक राज्यच नवीन काढलं. मेघावती. ढगांवर वसलेलं. तिथं म्हातारा राजा गादी सोडतो तेव्हा तो आपल्या हातानं 'शशांकपाक' नावाचं पक्वान्न रांधतो आणि नव्या राजाला भरवतो. तो घास गिळला की राज्य बदललं. मुकुट, अभिषेक वगैरे काही नाही, कारण मुकुटालाही मंडळाकडे पैसे नव्हते. रंगमंचावर पुठ्ठ्याचा एक गोळा चुना लावून ठेवायचा, असं ठरलं होतं.

हे केशवभटांच्या कानावर गेलं आणि दुसऱ्या दिवशी त्यांनी मला पंगतीतून बोलावून घेतलं. पुठ्ठ्याचं पक्वान्न त्यांच्या कँटीनमध्ये चालणार नाही, असं त्यांनी मला सांगितलं. नाटक कँटीनच्याच हॉलमध्ये होणार होतं, तेव्हा हा हुकूमच होता. मग त्यांनी चौकशी सुरू केली.

पाक म्हणजे एकतारी की दोनतारी? मला तार म्हणजे पोस्टातली एवढीच ठाऊक. ढगांवर राहतात म्हणता, तर ऊस कुठं लावतात? ऊस नाही, म्हणजे साखर नाही, गूळ नाही. मध चालेल, माश्या कुठंही पोचतात. गाई ढगावर उभ्या राहतील का? मी म्हटलं, काल्पनिक आहे भटजी, राहतील. ते म्हणाले, गाय जड असते, शेळी धरा. आणि लाकूड? ढगात लाकूड कायम दमट. म्हणजे आच मंद, धूर फार. म्हणजे पदार्थ उकळणारा नव्हे, आटणारा. "बघा," ते म्हणाले, "निम्मा पदार्थ इथंच ठरला. तुम्ही उगाच तीन अंक लिहीत बसलात."

मेघावतीबद्दल मला जे माहीत नव्हतं ते सगळं असं केशवभटांनी पंधरा दिवसांत शोधून काढलं. तिथं भात होत नाही, पण लाह्या होतात. तिथले लोक लवकर दमतात, कारण पायाखाली घट्ट जमीन नाही. म्हणून पदार्थ चावायला लागता कामा नये. मी मान डोलवायचो. दिवसभर लेबलं बघितल्यावर मला एवढंच जमायचं.

एक प्रश्न मात्र त्यांनी दोनदा विचारला. मेघावतीत देव कोणता? मी म्हटलं, लिहिलेला नाही. नक्की नाही? नक्की नाही. त्यावर त्यांनी चुलीतलं लाकूड मागं ओढलं. मग म्हणाले, "देव नाही म्हणजे नैवेद्य नाही. मग चाखायला हरकत नाही."

त्या दिवसापासून दिवसपाळी सुटली की मी कँटीनच्या मागच्या दाराशी हजर व्हायचं, असं ठरलं. केशवभट छोट्या कढईत शेळीचं दूध आटवत बसलेले असत, हो, बसलेले, बादलीवर. ते रेघेच्या आत, मी बाहेर. द्रोणात एक चमचा मला, एक चमचा त्यांना. चाळीस वर्षांनी त्यांनी चुलीवरचं काहीतरी जिभेला लावलं होतं. मला वाटलं होतं त्यांच्या चेहऱ्यावर काहीतरी दिसेल. काही दिसलं नाही. पदार्थ चांगला झाला का, हे त्यांनी मला कधी विचारलं नाही. विचारायचे ते भलतंच. दुधाला वास कसला येतोय? धुरकट, की नुसता आटल्याचा? मध पुढं येतोय की मागं राहतोय? मी आपला सुचेल ते सांगायचो. ते तेवढंच ऐकून दुसऱ्या दिवशी काहीतरी बदलायचे.

आठव्या का नवव्या दिवशी शशांकपाक कडू लागला. पुरता कडू नव्हे, गिळल्यावर मागून कडसर. कडुलिंबाचा मोहोर तुपावर परतून त्यात चुरला होता. मी तोंड वाकडं केलं. केशवभट म्हणाले, "राज्य सोडणाऱ्यानं रांधलंय ना? मग निव्वळ गोड कसं होईल?" मला ते इतकं आवडलं की मी ते तसंच्या तसं राजाच्या तोंडी घातलं. बघा, नाटकातलं एक वाक्य आठवलं, तेही माझं नव्हे. त्या मोहोराचं खरं कारण मला पुढं कळलं.

ह्या संध्याकाळच्या फेऱ्यांत मला आणखी एक गोष्ट दिसली. कधीमधी दुसऱ्या पाळीसाठी फोडण्या चालू असायच्या आणि ठकूबाई पोळ्या लाटत असायची. मोहरी तडतडून हिंग पडला, कढीपत्ता पडला, की ती पोळपाटावर लाटणं दोनदा आपटायची, टक टक. लगेच केशवभटांचा हात डाळीच्या पातेल्याकडे जायचा. दूध तळाला धरू लागलं की लाटणं एकदाच, जोरात. केशवभट कढई उतरवायचे. ते तिच्याकडे बघत नसत. तीही वर बघत नसे. दोघांत काही ठरलेलं नव्हतं, आणि कुणी विचारलं असतं तर दोघांनीही कानावर हात ठेवले असते. मी हे पाहिलं आणि बायकांची लाटायची एक पद्धत असेल, असं समजून सोडून दिलं. तिरकं लेबल मला वीस हातांवरून कळायचं, पण हे समोरचं कळलं नाही.

फाल्गुनातल्या एका सकाळी मी शशांकपाकासाठी आणलेला मध पोचवायला कँटीनमध्ये गेलो होतो. अकराला थोडा वेळ होता. मोठ्या पातेल्यात तीनशे माणसांची आमटी होती. उन्हाळा लागला होता आणि दुसऱ्या पाळीची उरलेली शिजवलेली डाळ रात्रभर झाकून राहिली होती. केशवभटांनी ती सकाळच्या डाळीत मिसळली होती. एरवी असली डाळ ते झाकण उचलताक्षणी फेकून देत. मी दारात पाऊल टाकलं आणि मला आंबूस वास आला.

लाटणं वाजत होतं. दोनदा नाही, एकदा नाही, सारखं. केशवभट गोंधळून चुलीकडे बघत होते. काही करपत नव्हतं, काही धरत नव्हतं. आच बरोबर होती. आंबलेल्याची खूण त्या दोघांत नव्हती. त्यांनी झारा फिरवला आणि नैवेद्याची वाटी हातात घेतली. तेवढ्यात ठकूबाई उठली, गेरूची रेघ ओलांडून आत आली, आणि पातेल्याला खांदा लावून तिनं ते आडवं केलं. आमटी चुलीत गेली, फरशीवर गेली, तिच्या पायांवर गेली.

मग जी धावाधाव व्हायची ती झाली. ठेकेदार आला. तीनशे माणसं पोळी आणि मिरच्या खाऊन कामावर गेली. ठेकेदारानं काय झालं विचारलं, तेव्हा ठकूबाई भाजलेल्या पायांवर पीठ चोळत म्हणाली, "पाय सरकला माजा." रेघेच्या आत तुझं काय काम होतं, असं त्यानं विचारलं. ती दुसऱ्या पायाला पीठ लावू लागली. महिनाअखेरपर्यंत काम कर आणि मग येऊ नकोस, असं तो तिला सगळ्यांदेखत म्हणाला. केशवभट चुलीकडे तोंड करून उभे होते. त्यांनी तोंडातून शब्द काढला नाही. मला वास आला होता, मीही शब्द काढला नाही. आज एवढ्या वर्षांनी सांगताना त्याची लाज वाटते. तेव्हा मी, नवा माणूस, आपण कशाला मधे पडा, असं म्हणून लेबलांकडे निघून गेलो.

संध्याकाळी मात्र ठरल्या वेळी मागच्या दाराशी गेलो. केशवभट बादलीवर होते. द्रोण पुढं करून त्यांनी नेहमीचं विचारलं, "आज वास कसला येतोय?"

मी म्हटलं, "ह्याचा माहीत नाही. सकाळी आमटीचा आंबूस येत होता."

त्यांनी द्रोण खाली ठेवला.

"तुम्हाला आला?"

"दारातच आला."

"मग तिलाही आला असणार." कढई ढवळत ते म्हणाले, "मला तापापासून येत नाही, लेखक. उदबत्तीचा नाही, घासलेटचा नाही. गोड, खारट, कडू एवढं जिभेला समजतं, बाकी सगळं पाणी."

तेव्हा मला कडुलिंबाच्या मोहोराचा उलगडा झाला. स्वतः केलेल्या पदार्थात स्वतःला समजेल असं काहीतरी हवं होतं त्यांना. मी म्हटलं, जीभ शाबूत आहे तर चाखून बघायचं होतं, आंबट लागलं असतं. त्यांनी माझ्याकडे असं बघितलं, जणू मी चोरी करायला सांगतोय. चाळीस वर्षं देवाआधी घास घेतला नव्हता, तो आता नाक गेलं म्हणून घ्यायचा? मेघावतीत चालतं, इथं नाही.

"ठेकेदाराला सांगा ना," मी म्हटलं. "तिचं काम जाईल."

"सांगितलं तर झारा जाईल, झाऱ्याबरोबर खोली. मग चाकण. पुतण्याची बायको वाईट नाही हो, वाढते नीट. पण तिच्या स्वयंपाकघराबाहेर मी दिवसभर काय करू?" त्यांनी कढई उतरवली. मग एकदम विचारलं, "तुमच्या त्या म्हाताऱ्या राजाचं पुढं काय होतं? घास भरवल्यावर?"

मी खरं तेच सांगितलं, की लिहिलं नाही, तो विंगेत जातो.

"विंगेत म्हणजे कुठं?"

"म्हणजे आत."

"बिचारा," केशवभट म्हणाले, आणि कढई घासायला घेतली.

त्यानंतरचे दोन आठवडे मी त्या दोघांना बघत राहिलो. लाटणं वाजत होतं, टक टक, नेहमीसारखं, आणि ते त्यांना फोडणीचा वास सुटल्याचं सांगतंय, हे आता मला कळत होतं. जिचं काम जाणार होतं ती बाई ज्याच्यामुळं जाणार होतं त्या माणसाला अजून सांभाळून घेत होती. तिच्या पायाला फडकं गुंडाळलेलं होतं आणि सांगवीहून यायला तिला आता अर्धा तास जास्त लागत होता. एकदा धीर करून मी तिला विचारलं, बाई, तुम्ही का नाही सांगत? ती म्हणाली, "म्हाताऱ्या मानसाला घराभाईर काडू व्हय? मला काय, कुटंबी खुरपं मिळंल." पण खुरप्याला सालभर काम नसतं आणि घरी नवरा अंथरुणावर आहे, हे तिला माझ्यापेक्षा जास्त ठाऊक होतं. हे मी जाऊन केशवभटांना सांगितलं. ते "हूं" म्हणाले. दुसऱ्या दिवशी त्यांनी कळवलं, की शशांकपाक तयार आहे आणि तो रंगमंचावर ते स्वतः घेऊन येणार. नाटकात आचाऱ्याचं काम नव्हतं. मी घातलं. वाक्य एकच होतं, "महाराज, शशांकपाक सिद्ध आहे."

चैत्रातल्या एका सुट्टीच्या दिवशी दुपारी चारला नाटक लागलं. पुढं खुर्च्यांवर वरिष्ठ आणि ठेकेदार, मागं सतरंज्यांवर आम्ही सगळे, एका बाजूला बायका. मी विंगेत पुस्तक घेऊन उभा. पहिले दोन अंक लोकांनी सहन केले. म्हाताऱ्या राजाचं काम करणारा फिटर दाढी सुटू नये म्हणून हनुवटी धरून बोलत होता. आणि मग तिसऱ्या अंकात केशवभट आले. स्वच्छ धोतर, अंगावर उपरणं, हातात केळीच्या पानावर पांढराशुभ्र, वाटोळा, थोडा थरथरणारा शशांकपाक, आणि काखेत झारा. झारा माझ्या पुस्तकात नव्हता.

त्यांनी वाक्य म्हटलं. फिटरनं हात पुढं केला. केशवभटांनी पान दिलं नाही. मी आतून दोनदा पुढचं वाक्य सांगितलं. त्यांनी मान वळवून मला हातानं गप्प केलं आणि प्रेक्षकांकडे वळले.

"ह्या राज्याचा नियम असा आहे," ते म्हणाले, नेहमीच्याच थकलेल्या आवाजात, पंगतीत 'सावकाश होऊ द्या' म्हणावं तसं, "की ज्याला उतरायचंय त्यानं आपल्या हातानं रांधायचं आणि दुसऱ्याला भरवायचं. मला चार महिने झाले, वास यायचा थांबलाय. त्या दिवशीची आमटी आंबलेली होती. मला कळलं नाही. ठकूबाईला कळलं. तिचा पाय सरकला नव्हता. तीनशे माणसं आजारी पडू नयेत म्हणून तिनं पातेलं पाडलं, आणि मी मुकाट्यानं बघत राहिलो."

ते रंगमंचावरून उतरले. उतरताना एका पायरीवर थांबून त्यांनी श्वास घेतला. मग बायकांच्या बाजूला गेले. ठकूबाईनं पदर पुढं ओढला होता आणि ती मान हलवत होती.

"न्हाई जी, भटजीबाबा. आमी न्हाई. रांधनं तुमचं हाय."

"ठकूबाई, दमलो गं," केशवभट म्हणाले. "तोंड उघड."

तिनं उघडलं. त्यांनी बोटांनी एक घास तोडून तिला भरवला आणि झारा तिच्या मांडीवर ठेवला. घास तोंडात धरून ती रडली. बराच वेळ तिला गिळता आलं नाही. मागच्या कडवटपणानं असेल, किंवा नसेल. रंगमंचावर नवा राजा अजून आ करून उभा होता. त्यानं विंगेकडे वळून मला हळूच विचारलं, "आणि मला?" पडदा कुणी ओढला आठवत नाही. माझं नाटक तिथं संपलं.

एवढ्या लोकांदेखत ठेकेदाराला नाही म्हणता आलं नाही. ठकूबाईचं काम राहिलं, वर झारा आला. दहाबारा जण दुसऱ्या दिवसापासून घरून डबा आणू लागले. तिच्या हातची आमटी आम्हाला चालणार नाही, असं ते म्हणत. पावसाळा लागल्यावर डबा आणायचा त्यांना कंटाळा आला आणि तेही गुपचूप पंगतीत बसू लागले. उरलेला शशांकपाक मी, फिटर आणि नवा राजा अशा तिघांनी पान चाटून संपवला. तसा पदार्थ मी पुन्हा कुठं खाल्ला नाही. करायचा कसा हे मला रोजच्या रोज दिसत होतं, पण मी वासच सांगत बसलो, प्रमाण विचारलं नाही.

केशवभटांना खोली सोडायला दोन दिवस मिळाले. चाकणच्या गाडीला वेळ होता म्हणून त्या दिवशी ते अकराला कँटीनमध्ये आले, हातात वळकटी आणि एक पितळी डबा. नेहमीच्या पायांनी चुलीकडे निघाले. रेघेपाशी थांबले. ती गेरूची रेघ त्या सकाळी ठकूबाईनं ओढलेली होती, जरा वाकडी. ते वळले, वळकटी भिंतीला टेकवली, आणि पहिल्या पंगतीत आमच्याबरोबर मांडी घालून बसले. आम्ही सरकून जागा केली. मांडी घालताना त्यांच्या गुडघ्यांचा आवाज मला ऐकू आला.

ठकूबाईनं तसबिरीपुढं ताट ठेवलं, पाणी फिरवलं. चाखलं नव्हतं, ते ती त्यांच्याकडे बघूनच शिकली होती. मग ती स्वतः आमटी वाढत आली. केशवभटांच्या पुढ्यात वाढून झाल्यावर ती क्षणभर थांबली. काही विचारायचं असेल, पण त्यांना काय विचारणार? ते ताटाकडे बघत होते. वाफ तोंडावर येत होती आणि ते जुन्या सवयीनं तिच्यात वाकले, पण तिथं त्यांच्यासाठी काही नव्हतं.

ठकूबाईनं हातातल्या पळीनं भांड्याच्या काठावर दोनदा वाजवलं. टक टक.

केशवभटांनी मान वर केली. त्या खुणेवर पहिल्यांदाच त्यांनी तिच्याकडे बघितलं.

"ऐकलं हो, बाई," ते म्हणाले, आणि जेवायला लागले.